हसायला काय पैसे पडतात?

हेलसिंकीत लेकीच्या घरापासून सहा मिनिटं चाललं की एक किराणा-भाजीचं दुकान लागतं. नोव्हेंबर संपत आला होता. दुपारी साडेतीनलाच दिवेलागण व्हायची आणि घरात बसून बसून माझा जीव उबायचा. म्हणून लेक कामातून उठली की आम्ही दोघी पायात ते जड बूट चढवून दुकानात जायचो. तिथे 'पीमा' नावाचं पातळसर आंबट ताक मिळतं. बेसन लावून त्याची कढी झकास होते, हा शोध मी पहिल्याच आठवड्यात लावला होता. तर त्या दिवशी पीमाचे दोन डबे, राय नावाच्या धान्याचा काळा पाव, बटाटे, आणि जावयांच्या आवडीची ती काळी कडू-गोड गोळी, एवढं सामान सरकत्या पट्ट्यावर ठेवलं. मागच्या माणसाचं सामान मिसळू नये म्हणून मध्ये आडवी दांडी ठेवली. काउंटरवर पन्नाशीची बाई होती. केस मागे घट्ट बांधलेले, चष्म्याला साखळी. ती "मोई" म्हणाली, एकेक वस्तू यंत्रापुढून टीं-टीं करत सरकवली आणि आकडा सांगितला. मी सवयीने तिच्याकडे बघून हसले. तिने बघितलं. हसली नाही. बघून न बघितल्यासारखं करतात तसंही केलं नाही. सरळ, नीट बघितलं, आणि पावती पुढे केली.

मला ते लागलं. मराठीत बोललेलं कुणाला कळणार आहे, या भरवशावर मी पुटपुटले, "हसायला काय पैसे पडतात का हिला?"

लेक पिशवी भरत होती. तिने मान वर केली आणि एवढंच म्हणाली, "आई, तू?"

त्या 'तू'चा अर्थ तिला आणि मला दोघींनाच माहीत. मी चौतीस वर्षं बँकेत कॅश सांभाळली. सुरुवातीची बरीच वर्षं जाळीच्या पिंजऱ्यात. पितळी टोकन, लाल शाईचा स्क्रोल, बोट ओलं करायला पाण्यातला स्पंज, आणि गड्डीला मारलेल्या पिना. नव्या पिढीला खरं वाटत नाही, पण तेव्हा शंभर नोटांच्या गड्डीला पिना टोचलेल्या असायच्या. त्या उपटताना अंगठ्याच्या नखाखाली रक्त यायचं. रिझर्व्ह बँकेने २००१ साली ते बंद करायला लावलं, तोवर माझ्या उजव्या अंगठ्याला कायमचं घट्टं पडलं होतं. तर १९९३ची गोष्ट. एका सोमवारी कॅश दोन हजारांनी कमी आली. रात्री नऊपर्यंत सगळ्या गड्ड्या पुन्हा मोजल्या, पुन्हा तेवढेच. कॅशियरकडून पैसे कमी आले तर कॅशियरने भरायचे, हा नियम. भरले. तेव्हाच्या पगारात दोन हजार म्हणजे महिन्याचा किराणा, दूध आणि लेकीची फी. आणि त्याच आठवड्यातल्या शुक्रवारी एका ग्राहकाने तक्रारवहीत सुवाच्य अक्षरात लिहिलं, "कॅशियर बाईंच्या चेहऱ्यावर हास्य नसते. हसायला पैसे पडत नाहीत." साहेबांनी मेमो दिला. मी खुलासा लिहिला: "यापुढे ग्राहकांशी हसतमुखाने वागण्याची दक्षता घेईन." दक्षता! नोटा खऱ्या-खोट्या बघताना घ्यायची ती दक्षता.

पुढे घरातल्या प्रत्येक समारंभात मी हा किस्सा नकला करून सांगितला. सगळे हसायचे, मीही हसायचे. लेक तो ऐकत मोठी झाली. आणि आता बर्फात, दोन्ही हातांत पिशव्या घेऊन, तीच माझ्याकडे बघत होती.

घरी आल्यावर ती त्यावर काही बोलली नाही. दोन दिवसांनी मात्र वाचनालयातून एक डीव्हीडी घेऊन आली. ओओदी नावाचं ते वाचनालय पार्लमेंटच्या बरोबर समोर आहे, जहाजासारखं लाकडी, आणि तिथे शिवणयंत्रापासून सिनेमापर्यंत सगळं मिळतं. "ऑफिसातल्या मैत्रिणीने सांगितलं, तुझ्या आईला हा दाखव," लेक म्हणाली. "कॅशियरवरचा आहे." 'शॅडोज इन पॅराडाइज', १९८६चा. दिग्दर्शक आकी कौरिस्माकी हे नाव मी फिल्म सोसायटीवाल्या मावसभावाच्या तोंडून ऐकलेलं, पण त्याचा सिनेमा बघायची वेळ कधी आली नव्हती. नटीचं नाव काती औतिनेन. मी आधी 'काटी' म्हणत होते. फिनिश 'त' आपल्यासारखाच दातांवरचा, हे जावयांनी सांगितल्यावर एकदम घरचं वाटलं. आडनावात तर अख्खं औत आहे.

चित्रपटात ती सुपरमार्केटमधली इलोना, आणि मात्ती पेल्लोनपा हा कचऱ्याच्या गाडीवरचा निकांदर. पहिल्याच भेटीत हा गडी तिला बिंगो खेळायला घेऊन जातो. भोवताली म्हातारी माणसं आकडे खोडत बसलेली, आणि ही दोघं समोरासमोर. आपल्याकडची नटी असती तर तिने डोळे मोठे केले असते, भुवया उडवल्या असत्या, निदान एक सुस्कारा तरी टाकला असता. औतिनेन काहीच करत नाही. तरी 'असल्या ठिकाणी कुणी बाईला आणतं का' हे मला सोफ्यावर बसून ऐकू आलं. मग तिला कामावरून काढतात आणि ही सरळ दुकानाची रोकड पेटी उचलून चालती होते. "पेटी उचलली बाई!" असं मी मोठ्याने ओरडले, कारण चौतीस वर्षांत मनातल्या मनात मी ती कितीतरी वेळा उचलली होती. चित्रपट सव्वा तासाचा. शेवटी दोघं जहाजात बसून एस्टोनियातल्या तालिनला निघतात. तेव्हा ते सोव्हिएत संघात होतं. म्हणजे लोक जिथून पळू बघतात, तिथे हे दोघं सुखाच्या शोधात चालले! हे कळून मी हसले तेव्हा चित्रपट संपून दहा मिनिटं झाली होती.

मग मी हट्टच धरला. उरलेल्या पाच आठवड्यांत मिळतील तेवढे तिचे चित्रपट बघितले. काही वाचनालयातून आले, काही लेकीने नेटवरून शोधून दिले.

औतिनेन माझ्याच वर्षाची. जन्म १७ ऑगस्ट १९६१, हेलसिंकीचाच. मी तिच्यापेक्षा तीन महिन्यांनी मोठी, म्हणून सुरुवातीपासून मी तिला मनात 'अगं' म्हणायला लागले ते लागलेच. पहिला गाजलेला चित्रपट १९८०चा, तापिओ सुओमिनेनचा. नावाचा अर्थ साधारण 'आलोच बघ, आयुष्या'. शाळेत न रमणाऱ्या, रस्त्यावर हिंडणाऱ्या पोरांची गोष्ट. त्यात ही एकोणिसाव्या वर्षाच्या आतली, चामडी जाकिटाच्या जगातली टगी पोरगी. त्या पिढीच्या फिनिश लोकांना तो चित्रपट विचारला की आपल्याकडे कॉलेजच्या कट्ट्याची आठवण काढल्यावर होतात तसे त्यांचे चेहरे होतात. (हो, होतात. फिनिश लोक हसत नाहीत ही निव्वळ थाप आहे. लेकीच्या इमारतीतल्या तळघरातल्या सौनामधून बायकांच्या हसण्याचा जो गदारोळ वर यायचा, तो आमच्या भिशीला लाजवेल.)

नंतर ती हेलसिंकीच्या नाट्य अकादमीत गेली. गंमत अशी की ऐंशीच्या दशकातल्या त्या वर्षांत तिथे योउको तुर्का नावाच्या माणसाचं राज्य होतं. राज्यच म्हणायचं. नटाने शरीर पणाला लावायचं, घाम, लाळ, शेंबूड, किंचाळ्या, सगळं प्रेक्षकाच्या अंगावर घालायचं, अशी त्याची शिकवण. त्या हवेत वाढलेल्या काही विद्यार्थ्यांनी १९८७ साली ओउलूमध्ये नाट्यकर्मींच्या मेळाव्यात प्रेक्षकांवर चक्क विष्ठा फेकली. देशभर बोंब झाली. 'तुर्काचे' म्हणून ओळखली जाणारी नटांची एक अख्खी फळीच तिथे तयार झाली. औतिनेन त्याच भट्टीतून निघाली, पण 'तुर्काची' म्हणून तिला कुणी ओळखलं नाही. भोवती सगळे बेंबीच्या देठापासून ओरडत असताना एक मुलगी गप्प राहायला शिकली, असं मला म्हणायचा मोह होतो. पण ते फार सोयीचं होईल. कदाचित तिलाही ओरडता येत असेल, उत्तम येत असेल. ज्याला ओरडता येतं त्याच्या गप्प बसण्याला वजन असतं, एवढं मी आमच्या युनियनच्या सभांमध्ये बघितलं आहे.

आपल्याकडे नटीचं कौतुक करायचं तर 'बोलका चेहरा' म्हणतात, आणि नावं ठेवायची तर 'मख्ख'. या दोन शब्दांच्या मधे काही जागा आहे का, हे मी तोवर कधी शोधलं नव्हतं. 'द मॅच फॅक्टरी गर्ल' बघताना ती सापडली.

हा १९९०चा. त्याची डीव्हीडी लावली तर इंग्रजी अक्षरं काही केल्या येईनात. खालच्या बटणांवर फिनिश आणि स्वीडिश, मला दोन्ही सारखीच. लेक खटपट करत होती, पण मी म्हटलं राहू दे, कारण पडद्यावर कुणी बोलतच नव्हतं. सुरुवातीला नुसती यंत्रं. झाडाचा ओंडका गरगरतोय, त्याची साल निघते, मग कागदासारखी पातळ फळी, त्याच्या काड्या, काड्यांची रांग, पेट्या, पेट्यांवर चिकटणारी लेबलं. आणि या सगळ्याच्या शेवटी एक हात. लेबल वाकडं असेल तर तो सरळ करतो. हाताची मालकीण म्हणजे ईरिस. मी पुढे सरकून बसले. माणसाचं काम काय, तर यंत्राने केलेलं बरोबर आहे ना एवढं बघणं. आमच्याकडे नोटा मोजायची यंत्रं आली तेव्हा मीही महिनोन्महिने अशीच उभी राहिले होते. यंत्र शंभर म्हणायचं, मी मान डोलावायचे.

ईरिस घरी येते, आईला आणि सावत्र बापाला जेवायला वाढते, पगार त्यांच्या हवाली करते. रात्री नटूनथटून नाचाच्या हॉलमध्ये जाते. तिथे त्यांचा तो टँगो चाललेला असतो. तो फिनिश लोकांचा स्वतःचा आहे, अर्जेंटिनाच्या टँगोपेक्षा संथ आणि रडवा. दूरच्या सुखाच्या देशाबद्दलची त्यांची गाणी ऐकली की आपल्याला भजनी ठेक्यातली विराणी आठवावी. भिंतीला लागून मुलींची रांग बसलेली. एकेकीला कुणी ना कुणी उठवून नेतं. ईरिस उरते. पुढ्यात सरबताची बाटली, मग खाली ठेवलेल्या रिकाम्या बाटल्या. दिग्दर्शकाने बस्स एवढंच दाखवलं आहे. औतिनेनच्या चेहऱ्यावर त्या वेळी काय आहे हे मी तीन वेळा मागे नेऊन बघितलं. दुःख? नाही. आशाही नाही. वाट बघून संपल्यावरही बसून राहावं लागतं तेव्हा चेहरा जसा होतो, तसा. टिमो साल्मिनेनच्या कॅमेऱ्याने त्यावर एका बाजूने उजेड सोडला आहे. खाली झुकलेले मोठे डोळे, कपाळ, आणि आत खेचलेली हनुवटी. बस्स.

पुढची गोष्ट सगळ्यांना माहीत आहे किंवा बघून घ्यावी. पगारातून स्वतःसाठी एक फुलाफुलांचा झगा घेतला म्हणून बापाची थप्पड, एका पैसेवाल्या माणसाने एका रात्रीनंतर झिडकारणं, दिवस राहणं, चेक आणि दोन ओळींची चिठ्ठी. मग ती दुकानात जाते आणि उंदराचं औषध मागते. इथपर्यंत भाषा न कळताही माझं काही अडलं नव्हतं. दुकानातलं बोलणं तेवढं लेकीने नेटवर शोधून सांगितलं. ईरिस विचारते, याने काय होतं? विकणारी म्हणते, मरतात. ईरिस म्हणते, छान. मी इतक्या मोठ्याने हसले की जावई आतून बाहेर आले. आणि हसता हसता पोटात गोळा आला, कारण चेहरा तोच. नाचाच्या हॉलमध्ये होता तोच, लेबल सरळ करताना होता तोच, विष कालवतानाही तोच. बदललं होतं ते माझं बघणं. त्या चेहऱ्याने एकदाही मला सांगितलं नव्हतं की आता कीव कर, आता घाबर, आता हस. सगळं माझ्यावर सोडलं होतं. ती काहीच उधळत नव्हती म्हणून मलाच सगळं भरावं लागत होतं, पदरचं. टॅलीला कमी आलेल्या पैशांसारखं.

त्या रात्री मला झोप लागली नाही. उंदराच्या औषधामुळे नव्हे. तक्रारवहीतल्या त्या माणसाने माझ्या चेहऱ्यात काय भरलं असेल, हे मी पहिल्यांदाच त्याच्या बाजूने बघत होते. माज, आळस, सरकारी नोकरीची मस्ती. त्याच्याकडे जे शिल्लक होतं ते त्याने भरलं. मीही परवा दुकानात तेच केलं होतं.

मात्ती पेल्लोनपा १९९५च्या जुलैत गेला, चव्वेचाळिसाव्या वर्षी, हृदयविकाराने. मिशीवाला, तेलकट केसांचा, डोळ्यांत सदा पाणी असल्यासारखा हा माणूस कौरिस्माकीच्या चित्रपटांचा कणा होता. पुढचा चित्रपट, 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स', त्याच्याचसाठी चालला होता. तो गेल्यावर कथा फिरवली आणि मध्यभागी औतिनेन आली. १९९६च्या त्या चित्रपटात तिचं नाव पुन्हा इलोनाच आहे. या वेळी ती जुन्या वळणाच्या रेस्टॉरंटमधली मुख्य वेट्रेस, नवरा ट्रामचालक. घरातल्या फडताळावर एका लहान मुलाचा फोटो आहे. हे त्यांचं गेलेलं मूल, असं आपल्याला कळतं. तो फोटो पेल्लोनपाच्या बालपणीचा. इलोना त्यापुढे उभी राहते आणि बघते. त्या बघण्यात नटी कुठे संपते आणि मैत्रीण कुठे सुरू होते, कुणी सांगावं.

चित्रपटाच्या सुरुवातीला दारू चढलेला आचारी स्वयंपाकघरात सुरी घेऊन थैमान घालतो. आधी आत गेलेला माणूस हात कापून घेऊन परततो. मग इलोना आत जाते. आत काय झालं ते दाखवतच नाहीत, फक्त आवाज येतो. आणि मग ती बाहेर येते, कपड्यांची घडीही मोडलेली नाही, आणि पुन्हा टेबलांकडे वळते. कामाच्या बाईचा चेहरा म्हणजे काय, हे यापेक्षा नेमकं मी कुठे बघितलेलं नाही. पुढे रेस्टॉरंट विकलं जातं, कुणाला काढायचं ते पत्ते ओढून ठरतं आणि नवऱ्याची नोकरी जाते, हप्त्यावर घेतलेला टीव्ही जातो. इलोनाला एका कळकट खानावळीत काम मिळतं, तिथे आचारीच नाही. गिऱ्हाईक ऑर्डर देतं, ही आत जाऊन नसलेल्या आचाऱ्याला ती मोठ्याने सांगते, मग स्वतःच शिजवून, पुन्हा वेट्रेस होऊन बाहेर आणते. का? कारण खानावळ असली तरी तिची पत राहिली पाहिजे. मला आमच्या शाखेतली एक मैत्रीण आठवली. संगणक बंद पडला की ती ग्राहकाला म्हणायची, "साहेबांना विचारून येते," आणि बाथरूममध्ये जाऊन दोन मिनिटं उभी राहायची.

फिनलंडची ती वर्षं वाईटच होती. सोव्हिएत संघ कोसळला, तिथला व्यापार बसला, बँका गाळात गेल्या. नव्वदच्या सुमारास तीन-साडेतीन टक्के असलेली बेकारी चार वर्षांत सोळा टक्क्यांच्या वर गेली. आज ट्रॅममध्ये शेजारी बसणाऱ्या माझ्या वयाच्या प्रत्येक बाईने ते बघितलेलं आहे. मला त्याचा थोडाफार अंदाज आमच्या बँकांतल्या २०००-०१च्या व्हीआरएसवरून, म्हणजे स्वेच्छानिवृत्तीवरून येतो. निरोप समारंभ, शाल, श्रीफळ, आणि त्या शालीखाली चाळिशी-पन्नाशीतली धडधाकट माणसं. आमच्या शाखेतून सात जण गेले. फोटोत सगळे हसताहेत.

आता एक शंका मला पहिल्यापासून होती ती सांगते. हा चेहरा तिचा की त्याचा? कौरिस्माकी तालमी करवत नाही, शक्यतो एकाच टेकमध्ये काम उरकतो, आणि नटाने हातवारे केलेले त्याला खपत नाहीत. म्हणजे एका पुरुषाने एका बाईला सांगितलं, हसू नकोस. हेही आमच्या साहेबांच्या मेमोसारखंच झालं की, फक्त उलट्या बाजूने. यावर माझं मन अजून पक्कं झालेलं नाही. पण १९९९चा 'युहा' बघितल्यावर शंका जरा सैल झाली. तो मूकपट आहे, कृष्णधवल, युहानी आहोच्या १९११च्या कादंबरीवरचा. विसाव्या शतकाच्या अगदी शेवटी काढलेला मूकपट! त्यात ती मार्या, साध्याभोळ्या नवऱ्याची तरुण बायको, शहरातल्या एका लबाडाच्या नादाने पळून जाणारी. मूकपटात चेहऱ्याने बोलावंच लागतं, आणि ती बोलते. आरशापुढे ओठ रंगवते, मुरडते, भुलते, पस्तावते. म्हणजे तिजोरीत सगळं होतं. काउंटरवर किती काढायचं ते ती ठरवत होती.

२००२ साली 'द मॅन विदाउट अ पास्ट'साठी कान महोत्सवात तिला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला. परीक्षकांचा अध्यक्ष डेव्हिड लिंच. चित्रपटाला ग्रां प्री मिळालं आणि त्यातल्या कुत्रीलाही श्वानांसाठीचं गमतीचं पारितोषिक मिळालं, म्हणजे घरातलं कुणी रिकाम्या हाताने परतलं नाही. त्यात ती साल्व्हेशन आर्मी या ख्रिस्ती सेवासंस्थेतली इर्मा. गणवेशातली, बेघरांना सूप वाढणारी, चाळिशीची एकटी बाई. आणि तिच्यावर जीव जडवणारा, डोक्याला मार बसून सगळं विसरलेला माणूस म्हणजे मार्क्कू पेल्तोला, 'ड्रिफ्टिंग क्लाउड्स'मधला तोच सुरीवाला आचारी. इर्मा रात्री तिच्या खोलीत येते, पलंगावर पडते आणि रेडिओवर रॉक अँड रोल लावते. एवढंच. मला त्या प्रसंगात गलबलून आलं. दिवसभर दुसऱ्यांची भूक सांभाळणाऱ्या बाईने स्वतःसाठी राखलेली ती पंधरा मिनिटं. माझी ती विविध भारती होती, रात्री साडेदहाची, उशाशी, आवाज अगदी बारीक.

त्याच वर्षापासून पुढे दशकभर ती नाट्य अकादमीत प्राध्यापक होती; जिथे तुर्काने ओरडायला शिकवलं तिथेच. वर्गात काय शिकवत असेल, याची मला भारी उत्सुकता आहे. २०११च्या 'ल हाव्र'मध्ये ती फ्रेंच बोलते, परक्या उच्चारांत, जपून. तिथे ती बूट पॉलिश करणाऱ्या मार्सेलची बायको आर्लेत्ती. दुखणं जिवावरचं आहे हे कळल्यावर डॉक्टरांना गळ घालते, नवऱ्याला सांगू नका. आणि मग त्याच्यासमोर तोच चेहरा. इतकी वर्षं आपण ज्याला 'काहीच नाही' म्हणत आलो त्याच्यामागे ही बाई काय काय लपवू शकते, हे त्या पलंगावर दिसतं. ते बघून मी लेकीकडे बघितलं नाही. तिच्या बाबांच्या शेवटच्या वर्षी मी तिला फोनवर काय काय 'ठीक आहे' म्हणून सांगितलं होतं, ते आम्हा दोघींना माहीत होतं.

त्या हिवाळ्यात कौरिस्माकीचा नवा चित्रपट, 'फॉलन लीव्ह्ज', नुकताच येऊन गेला होता. त्याची नायिकाही सुपरमार्केटमधली कामगार, अल्मा पोयस्ती. सुरेखच काम केलंय. पण तिच्या चेहऱ्याला कडेने एक हसू लागून आहे, आणि मी वेड्यासारखी दर प्रसंगात मागच्या गर्दीत औतिनेनला शोधत होते. ती त्यात नाही. त्याआधीच्या, २०१७च्या चित्रपटात आहे ती, दोन मिनिटांपुरती, शर्टांचं दुकान बंद करून मेक्सिकोला जायचं म्हणणारी. मला तो निरोप समारंभ वाटला. शाल-श्रीफळाशिवायचा.

परतायच्या आदल्या दिवशी मी एकटीच दुकानात गेले. नातेवाइकांसाठी चॉकलेटं, आणि जवळचे उरलेले युरो संपवायचे होते. तिथे सगळे कार्ड टेकवून पैसे देतात, नोटा काढल्या की मागची रांग जरा चुळबुळते. काउंटरवर तीच होती, साखळीच्या चष्म्याची. "मोई." "मोई." टीं-टीं-टीं. आकडा यंत्रावर दिसला. मी वीस-वीसच्या तीन नोटा मोजून दिल्या. तिने त्या घेतल्या, आणि मग अंगठ्याने तिसरी नोट किंचित पुढे ढकलून, थांबून, पुन्हा ढकलली. ती हालचाल मला झोपेतही ओळखू येईल. कोऱ्या नोटा एकमेकींना चिकटतात. तिने त्या सुट्या केल्या. चौथी नोट दोन बोटांत धरून माझ्यासमोर ठेवली, मग माझ्या डोळ्यांदेखत तिन्ही पुन्हा मोजल्या, आणि गल्ल्यात टाकल्या. चेहऱ्यावर काही नाही. मी नोट उचलली आणि शिकवल्याप्रमाणे "कीतोस" म्हणाले. तिने मान एवढीशी हलवली. मीही हसले नाही. मागच्या माणसाचे बटाटे पट्ट्यावरून पुढे आले होते.

बाहेर अंधार पडला होता. लेक मला न्यायला कोपऱ्यापर्यंत आली होती. माझ्या हातातली नोट बघून म्हणाली, "काय गं, हिशेब चुकला का?"

म्हटलं, "नाही गं. टॅली झालं."